अनोळखी, अकरा सेकंद

यादीत एवढंच होतं :
धरणगाव, जिन, कामगार, अनोळखी.
कृष्णधवल. मूक. अकरा सेकंद.

जळगावात, नवी पेठेत, झेरॉक्सच्या दुकानावर
माझी एडिटची खोली. कूलरचं तोंड मशीनकडे, मी घामात.
नमुन्याची प्रत आली तीही अंधुक,
माणसाच्या तोंडावरून आडवं संस्थेचं नाव,
खाली धावणारे आकडे.
दर सेकंदाला. किमान तीस घ्यावे लागतात,
अकराच असले तरी.

तो कापूस कवेत घेतो, फेकतो,
वळतो, लेन्सकडे बघतो,
काहीतरी बोलतो.
मी त्याला रुंद पडद्यात बसवला,
त्यात वरून टोपी गेली, मागची पाटी गेली.
जामनेरच्या नव्या जिनातला आवाज खाली जोडला,
बिनपट्ट्याच्या मशीनचा.
बरं दिसलं. खोटं वाटलं नाही.

मग द्वारकाबाई आल्या, मुलाखतीपुरत्या,
बालपण जिनाच्या आवारात गेलेलं म्हणून.
पडद्यापाशी चष्मा नाकावर दाबून म्हणाल्या,
‘हाऊ मना बाप शे.’
आणि जरा थांबून, नाराजीनंच,
‘पन बाप त डावरा व्हता. हाई उलटं शे, माय.’

कापलेली चौकट पुन्हा पूर्ण उघडली.
टोपीमागे पाटी : अक्षरं आरशातली.
कॉपी करताना कोणीतरी, केव्हातरी
फिल्म पालथी घातली होती, आणि तेव्हापासून
सगळ्यांनी त्याला उजव्या हातानं राबवलं,
मीसुद्धा.
एक कळ दाबली. ‘जिनिंग’ वाचता आलं.

नाव विचारलं. उखर्डू.
आधीची तीन लेकरं गेली म्हणून ह्याला
उकिरड्यावर ठेवून मग उचलून आणलेलं,
वरच्याचं लक्ष जाऊ नये म्हणून.
फोटो त्यानं जन्मात काढून घेतला नाही.

संस्थेला मेल लिहिला : बाजू दुरुस्त करावी,
‘अनोळखी’ खोडावं, नाव पुढीलप्रमाणे.
उत्तर तत्पर आलं :
किमान तीस सेकंदांचं बिल, जीएसटीसह.

बाई अजून बसूनच होत्या.
काय बोलतोय तो, मी विचारलं.
त्यांनी तीनदा बघितलं, स्वतःचे ओठ हलवून पाहिले.
‘शूटिंगवाल्याले म्हनी ऱ्हायना,
बाजूले सरक.
पट्टा सुटना त लागी.’