डिझेल परतावा अंतिम यादी

आंबूबाय फोन काउंटरवर पालथा ठेवते.
"मास्तर, सोसायटीची यादी आलीया. तूच उघड.
माजं बोट लागलं तं पैसं जातील."
मी मास्तर नाही. हर्णै बंदराच्या चढावर
झेरॉक्स, लॅमिनेशन, सातबारा असं दुकान माझं.
चष्मा आहे, म्हणून मास्तर.

डिझेल_परतावा_अंतिम_यादी.
पुढे टिंब. टिंबापुढे पीडीएफ.
मग आणखी एक टिंब, आणि काही अक्षरं
कडेला कापली गेलेली.
फोन आडवा केल्यावर ती दिसतात: एपीके.

"पाठवली कोणी?"
"धर्मा पावशानं. सेक्रेटरी ना तो."
नंबर धर्माचाच. फोटोही धर्माचाच,
विसर्जनातला, कानापर्यंत गुलाल.
पण धर्मा 'अंतिम' मधला ति नेहमी दीर्घ लिहितो.
वीस वर्षं त्याच्या नोटिसा मीच छापतोय,
आणि इथे शुद्धलेखन बरोबर आहे.

अकरा एमबी.
त्रेसष्ट नावांची यादी ती केवढी असणार?
गेल्या वर्षीची माझ्याकडे पडून आहे, तिरकी स्कॅन केलेली,
कोपऱ्यात चहाचा डाग. तीसुद्धा इतकी जड नाही.
"गाबोळी असंल पोटात," आंबूबाय म्हणते.

न उघडता तिचा ठसा काढता येतो,
चौसष्ट अक्षरांचा. काढला. शोधला.
कुणाच्याच वहीत नाही.
"म्हंजी बरी?"
"म्हणजे कोणी ओळखत नाही अजून."
मग फाइलच पुढे केली पासष्ट तपासनिसांच्या.
एकसष्ट गप्प. चौघे म्हणतात, वाईट.
मी थांबतो. चौघेही चुकतात कधीकधी,
माझी स्वतःची पावती छापायची फाइल
एकदा त्यांनी चोर ठरवली होती.
आंबूबाय थांबत नाही.
"लिलावात चार बायांनी नाक मुरडलं
तं मी टोपलीला हात लावत नाय.
बाकीच्यांना पडसं असंल."

तरी तिला काय काय हवंय ते वाचून दाखवतो.
मेसेज वाचायला हवेत.
मेसेज पाठवायला हवेत.
फोन चालू झाला की आपणही चालू व्हायला हवं.
"यादीला माजे मेसेज कशाला?"
हे मी तिला विचारणार होतो.

ती सांगते, जाळ्यात केंड येतं कधी.
कल्ले लाल, डोळा चकचकीत, बोट दाबलं तं खड्डा नाय.
ताजंच असतंय ते, मास्तर.
ताजं हाय का, ही गोष्ट निराळी.
खायचं हाय का, ही निराळी.

(गेल्या चैत्रात मी उघडली होती एक.
वीजबिल म्हणून. रक्कम सांगणार नाही.)

धर्माचा फोन लागत नाही, त्याच्या बायकोचा लागतो.
"ह्यांनी काय नाय पाठवलं ओ,
दुपारपासून फोन आपला आपणच चालतोय."
म्हणजे त्रेसष्टांना गेली.
किनाऱ्यावरच्या बावीसांना मी आवाज देईन, देतोही.
दोघांनी उघडलीय. त्यांना बँकेचा नंबर देतो,
सिम काढा सांगतो, ते विचारतात परतावा किती आहे.

उरलेले पाण्यात.
सुवर्णदुर्गाच्या अलीकडे आल्याशिवाय टॉवर धरत नाही,
तोवर यादी कुठेतरी वरच थांबलेली,
त्यांच्या नावाने.
वायरलेसवर हवामानाच्या मधे घुसून सांगितलं,
यादी उघडू नका. सात नौकांनी ऐकलं म्हणून कळवलं.
एकाने विचारलं, कुठली यादी?

पाच वाजता बैलगाड्या पाण्यात उतरल्या.
आंबूबाय त्यांच्याही पुढे, कमरेएवढ्या पाण्यात,
पदर खोचून, दोन्ही हात वर.
लांबून कुणाला वाटावं, स्वागत करतेय.
दर्यादौलत आधी दिसली, मागे आणखी चार.
इंजिनं बंद होत गेली,
आणि पाण्यावरून ऐकू यायला लागलं
टुंग,
मग टुंग,
टुंग.