सुकतवाडीचं वर्ष

खेतवाडीच्या आठव्या गल्लीत
आम्ही ऑगस्टातच पुढचं वर्ष छापून ठेवायचो.
शाई वाळेस्तोवर दिवाळी दोरीवर टांगलेली,
तिच्याखालून वाकून चहाला जायचं.

मी मुद्रितं तपासायचे.
षष्ठी सात चौदापर्यंत, मग सप्तमी. भद्रा. पंचक.
एकादशी एका चौकोनानं सरकली
तर अर्ध्या गिरगावाचा उपास मोडेल,
असं खांबेटे मालक रोज सांगायचे, मला एकटीलाच.

कटिंग मशीनवर धाकू पेडणेकर.
कडेची कोरी पट्टी कापून पडायची, बोटभर रुंद.
ती तो फेकत नसे.
डबा उघडण्याआधी हात पुसून
त्या पट्ट्यांवर बॉलपेनानं दुसरंच वर्ष लिहायचा.

कुठलं हो हे?
"सुकतवाडीचा."
ससून डॉकवरून, पाणी फार फार मागं गेलं
की दिसते म्हणाला.
तिला चंद्र दोन.
एक आपल्यासारखाच, वाढतो, झिजतो.
दुसरा नुसता थांबलेला. त्याचं नाव पोरका.
दोघं एका रेषेत आले की लोक दारं उघडी टाकून झोपतात.

वार पाच: रेतवार, शिंपवार, गळवार, निजवार,
आणि एक, ज्याचं नाव ठेवायचं राहून गेलं.
त्या दिवशी उधारी मागायची नाही.
महिने कुठले एकेचाळीस दिवसांचे, कुठले नऊ.
मीठफुटी, कोलीम, आडवारा, परत मीठफुटी,
कारण पहिली कुणाला पुरत नाही.
पाडवा ठरलेला नाही.
ज्या सकाळी एखादं पोर पहिल्यांदा विचारतं
"आज वार काय?"
त्या सकाळी वर्ष बदलतं.

आणि एवढे दिवस आणता कुठून? मी हसत विचारलं.
त्यानं माझ्याच मुद्रितावर बोट ठेवलं,
तृतीयेनंतर थेट पंचमी.
"तुमच्याकडे चतुर्थीचो क्षय झालो.
मगे ती गेली खंय?
आमच्याकडे येता ती. दमान येता,
पयला तिका पाणी देतंव."

तेव्हापासून क्षयतिथी तपासताना
माझा हात जरा हळू चालायचा.

एका वर्षी धाकू चौदा दिवस आला नाही.
हजेरीपटावर चौदा खाडे,
मालकांनी चौदाही कापले.
परतला तो कटिंगला उभा राहिला, काही बोलला नाही.
पुढं पट्ट्यांत मला एक नवा महिना सापडला,
आडवाऱ्यानंतर, चौदा दिवसांचा.
नाव: कुमुद.
सण नाही, व्रत नाही, चंद्राचा उल्लेख नाही.
प्रत्येक दिवसासमोर बारीक अक्षरात
'भेटायची वेळ चार ते सहा'.
शेवटच्या दिवसासमोर तेही नाही.

बायकोचं नाव मी त्याला कधी विचारलं नव्हतं.

प्रेस विकली तेव्हा त्यानं सगळ्या पट्ट्या
सुतळीनं बांधून माझ्याकडं दिल्या. तपासा म्हणाला.
मी खरंच तपासल्या. सवय.
कोलीम महिन्यात तेवीस तारीख दोनदा आली होती.
निरोप धाडला. निरोपाचं उत्तर आलं:
"रवान दे.
पयल्या तेविसाक कायतरी रवला असतला."

सव्वीस वर्षांत सोडलेली ती माझी एकच चूक.

आता काळाचौकीला, फ्रिजशेजारी
बँकेनं फुकट दिलेलं कॅलेंडर लटकतं.
गॅस आला त्या चौकोनात गोल,
दूध आलं नाही तिथं फुली.
आजही भैया आला नाही.
पेन घेतलं, फुली मारली,
आणि मग वाटलं,
हा अर्धा लिटर दिवस
आत्ता कुठल्या वाटेनं चालला असेल, ओल्या पायांनी,
आणि तिकडं कुणी
त्याच्यासाठी तांब्या भरून ठेवलाय की नाही.