जैसे थे

किसुमूच्या कोर्टानं मला नेमलं
तेव्हा मला निवृत्त होऊन दोन वर्षं झाली होती.
तीस वर्षं मुलांची हजेरी घेतलेला मास्तर,
म्हणूनच नेमलं असेल.
काम एवढंच:
तळ्याकाठच्या मासळीवाल्या बायकांचं
नोंदणीकृत मयत-मदत मंडळ,
त्याचे खरे सभासद मोजायचे.

मंडळाला अध्यक्षा दोन.
पेरेस आलू, तिच्याकडे शिक्का.
रोझलिडा अबुया, तिच्याकडे चावी.
शिक्का पिठाच्या डब्यात,
चावी गळ्यात, क्रुसाशेजारी.
दोघींनी वार्षिक सभा भरवल्या एकाच दिवशी,
एकाच आंब्याच्या दोन बाजूंना,
आणि दोन्ही इतिवृत्तांत शेवटी लिहिलंय,
"एकमताने मंजूर".

न्यायाधीशबाई चष्मा पुसत म्हणाल्या,
मंडळाचं मंडळानं निस्तरावं,
कोर्टानं उठसूट कुणाच्या चुलीत फुंकर घालू नये.
पण पोटनियम मोडून, नोटीस न देता
माणसाचं नाव कापलंत,
तर आम्हाला आत यावं लागतं.
तोवर जैसे थे.
समिती जैसे थे, यादी जैसे थे,
बँकेतला शिलिंग न् शिलिंग जैसे थे.

तळ्याला आदेशाची प्रत कुणी बजावली नव्हती.
पाणी चढत गेलं,
कचेरीच्या दुसऱ्या पायरीवर येऊन बसलं.
जाळ्यांवर पसरलेली ओमेना,
नखाएवढी चांदी,
उन्हं उतरेस्तोवर खपली नाही की वास सोडायचीच.

मी रजिस्टर उघडलं.
निळी शाई, मग काळी, मग पेन्सिल.
काही नावांपुढे फुली.
फुली म्हणजे मेली,
की फुली म्हणजे वर्गणी पोचली?
तीन खजिनदारणींनी तीन उत्तरं दिली,
तिघींनीही बायबलवर हात ठेवून.

क्रमांक एकशे चौदा, सिप्रोझा अड्योगो.
नावावर लाल रेघ, पट्टी धरून ओढलेली.
थकबाकी, असं रोझलिडाची माणसं म्हणाली.
पेरेसची म्हणाली, थकबाकी कसली,
त्या दिवशी ती आंब्याच्या आमच्या बाजूला बसली होती.
सिप्रोझाला विचारावं म्हणून गेलो
तर ती चुलीवर वाकून खोकत होती.
म्हणाली, मास्तर, सावली जिकडे होती तिकडे बसले.

पुढच्या तारखेआधी ती गेली.

सभासद असेल तर मंडळानं शवपेटी द्यायची,
नसेल तर नाही.
वकील म्हणाले, प्रकरण न्यायप्रविष्ट आहे.
शवागारात रोजचं भाडं चढत होतं.
तिसऱ्या दिवशी बायका
लेसोच्या टोकांच्या गाठी सोडू लागल्या,
चुरगळलेल्या नोटा, माशाच्या वासाच्या.
दोन्ही बाजूंच्या होत्या.
पिकअपमध्ये ड्रायव्हरशेजारी कोण बसणार
यावरून दोन्ही अध्यक्षा मात्र मातीलाही भांडल्या,
आणि सोमवारी पुन्हा कोर्टात
वेगवेगळ्या बाकांवर.

मी अहवाल दिला. रजिस्टरप्रमाणे दोनशे चौदा,
तपासणीअंती एकशे एकोणचाळीस.
सोबत एक जास्तीचा कागद,
गाठी सोडणाऱ्या एकसष्ट जणींची नावं.
न्यायाधीशबाईंनी विचारलं, हे कुणी मागितलं होतं?
कुणीच नाही, म्हटलं.
कागद त्यांनी परत दिला नाही.

निकाल आला बावीस पानांचा.
पान सतरा:
क्रमांक एकशे चौदा, नाव कमी करणं बेकायदेशीर,
सभासदत्व अबाधित.
मतदान शनिवारी, कोर्टाच्या देखरेखीखाली.

शनिवारी खुर्ची मांडून यादी वाचत गेलो.
एकशे बारा, हजर.
एकशे तेरा, हजर.
एकशे चौदा वाचून झालं आणि जीभ चावली;
तरी जुनी सवय, मान वर करून थांबलो.

हजर, असं कुणीतरी म्हणालं.

आंब्याच्या कुठल्या बाजूनं,
ते अहवालात लिहिलेलं नाही.