हरकत

पासष्ट दिवस, कामकाजाचे.
रविवार धरायचे नाहीत, असं पत्रातच आहे.

माझे वडील तलाठी, सांगोल्याकडे.
फेरफाराची नोटीस चावडीवर डकवून आले की म्हणायचे,
पंधरा दिवस कागद बोलतो,
मग कुणी बोलून उपयोग नाही.
वेलिंगबरोत चावडी नाही.
कागद दाराच्या फटीतून थेट पायपुसण्यावर पडतो.

आडनावाचं स्पेलिंग चुकलंय, माप बरोबर आहे:
गॅरेजमागची पट्टी, चार फूट रुंद, एकतीस लांब,
दहा वर्षांहून जास्त अर्जदाराच्या घराच्या ताब्यात,
तरी नोंदीत त्यांचं नाव लावण्यास
मिसेस पेंडारकर, आपली हरकत आहे काय?

अर्जदार म्हणजे शेजारची ट्रेसी, हॅलमांची लेक.
म्हातारा दिवाळीपासून होममध्ये.
पट्टीवर त्यांचाच रुबार्ब, त्यांच्याच बीन्सच्या काठ्या.
तारेचं कुंपण त्यांनीच सरकवलं,
सरकवू का, असं ह्यांना विचारून.

वकीलबाई मिस अडेयेमी, माझ्या नातीच्या वयाची.
म्हणाली, परवानगीनं वापरलं असेल
तर तो कब्जा होत नाही, कितीही वर्षं जावोत.
पण दाखवता आलं पाहिजे.

गॅसची बिलं आहेत माझ्याकडे, नव्याण्णवपासूनची.
परवानगी कुठल्या फायलीत ठेवतात?

त्रेचाळिसाव्या दिवशी सापडली,
बटणांच्या डब्यात, तळाशी.
दोन हजार नऊचं ख्रिसमस कार्ड, वर लाल छातीचा पक्षी,
आत हॅलमांचं तिरकं अक्षर:
रुबार्बला जागा दिलीत, आभार.
यंदाही विचारलं तर साहेब म्हणाले तेच,
काय हरकट नाय.

ह्यांनीच शिकवलं होतं, कुंपणावर कोपर टेकून.
मग हॅलम उठता बसता तेच.
गाडी आडवी लागली, काय हरकट नाय.
ह्यांना नेलं त्या दिवशी दारात उभे राहिले,
माझा हात हातात घेतला,
दुसरा शब्द येत नव्हता त्यांना.

मिस अडेयेमी पेन उघडून बसली.
भाषांतर जोडावं लागेल. नेमका अर्थ?
नो ऑब्जेक्शन, मी म्हटलं.
तिनं लिहून घेतलं, खाली दोन रेघा मारल्या.
म्हणजे ह्यांची हरकत नव्हती
म्हणून माझी हरकत टिकते.
वडील असते तर हसले असते,
किंवा चष्मा पुसत बसले असते.

अठ्ठावन्नाव्या दिवशी फॉर्म पोस्टात टाकला,
कार्डाची प्रत सोबत.
ट्रेसी खिडकीत होती. तिनं हात केला.
मीही केला. हाताचं काय, तो वर जातोच.

रविवारी हॅलमांना भेटायला गेले.
त्यांना माझं नाव आठवेना.
बराच वेळ माझ्या कोटाच्या बटणाकडे बघत होते,
मग म्हणाले, रुबार्ब वर आला का?

आलाय, म्हटलं.
गुडघ्याएवढा.