डोक्यावरची रेघ

इनरुव्याहून दिवसभर बसमधून,
मांडीवर रंगाचे डबे सांभाळत
बेचन मंडल फिदिमला पोचला तेव्हा
वॉर्ड कार्यालयाच्या पाटीवर अजून आकडाच होता:
प्रदेश नंबर एक.

त्यानं दोनदा सफेदा फासला
तरी आकडा खालून दिसत राहिला,
पुसलेल्या पत्त्यासारखा.

मग नेपाळी ओळ.
त्याचा हात असा, की आधी डोक्यावरची रेघ,
अक्षरं मागाहून,
दोरीवर धुणं टाकावं तशी.

दुसऱ्या ओळीसाठीही रेघ ओढून झाली
आणि सेनेहांग लिंबू चहा घेऊन आला.
म्हणाला, आमच्या लिपीला रेघ नसते, दादा.
अक्षरं आपापल्या पायांवर.

बेचननं चिंधी रॉकेलमध्ये बुडवली.
घरी तो मैथिली बोलतो.
तिच्यासाठी या पाटीवर जागा नाही,
आणि त्यानं विचारलंही नाही.
वाचता न येणारी ती अक्षरं
कागदावरून एकेक उतरवली,
श्वास धरून,
पहिल्या ओळीपेक्षा निगुतीनं.

शेवटी कोपऱ्यात, नखाएवढं,
स्वतःचं नाव.
तीन अक्षरं सुटी उभी राहिली.
वर रेघ ओढावी की असू द्यावं,
ब्रश हवेत धरून
तो इतका वेळ थांबला
की चहावर साय धरली.