रीळ सात

डबा उघडला तसा सिरक्याचा वास
थेट डोळ्यांत.
फिल्म आतून आंबत चाललेली.
झाकणावर रंगानं लिहिलंय :
रीळ सात, नदीकाठ, आवाज बरा.

बरा म्हणजे काय ते
शाहूपुरीतल्या या खोलीत, पंखा बंद करून
तीन आठवडे ऐकतेय मी.
खरखर उपसते. टकटक एकेक टिपते,
तांदळातले खडे वेचावेत तशी.
जास्त उपसलं तर बाईचा श्वासही जातो,
मग संवाद उरतो, बाई उरत नाही.

काल पंचगंगेच्या आवाजाखालून,
नायिकेच्या ‘थांबा’नंतर,
एक म्हैस रेकली.
आणि माईकपासून हातभर लांब कुणीतरी
दबक्या आवाजात म्हणालं,
‘हाण तिला, दस्तू.’

पुण्याहून फोन : ते काढा, सीन गंभीर आहे.
काढलं.
पडद्यावर नदी आता म्हशीवाचून वाहते.

पण ते साडेतीन सेकंद
मी दुसऱ्या डिस्कवर ठेवलेत.
जुन्या स्टुडिओच्या हजेरीवहीत
एकच नाव जुळत होतं :
दस्तगीर शिकलगार, बूम, रोज सव्वातीन रुपये.

त्यांचा नातू गंगावेशीत
दूध कट्ट्यावर भेटला, हातात फेसाळ पेला.
हेडफोन लावला त्याच्या कानाला.
पाठीमागं खऱ्या म्हशी, धारेचा आवाज,
त्यानं एक हात दुसऱ्या कानावर दाबला.

परत लावा, म्हणाला.
परत.
तिसऱ्यांदा हसला,
‘आमच्या आज्ज्याला दस्तू म्हणणारं
कोण हुतं ओ?’

फाइलीत ती जागा
मी कोरी सोडलीय.