तिसरा पुकारा

सिनेमातल्यासारखं 'हाजिर हो' आम्ही म्हणत नाही.
नाव, बापाचं नाव, आडनाव
आणि शेवटी, 'आहेत काऽऽ?'
विट्याच्या कोर्टात सव्वीस वर्षं हेच ओरडतोय.
माझा 'का' पार झेरॉक्सवाल्याच्या टपरीपर्यंत जातो.

दावा नंबर एकशे बेचाळीस, सन दोन हजार सहा.
वादी नागेश केदारी चोथे, राहणार लेंगरे.
प्रतिवादी दस्तगीर मौला मुलाणी, राहणार तिथंच,
एका भिंतीपलीकडं.
वाद दोन फूट बोळाचा.
मुलाण्यांच्या पत्र्याचं पाणी त्या बोळातनं
चोथ्यांच्या मागाच्या खोलीत उतरतं,
ताण्यावर डाग पडतात, म्हणे.

एकाच एसटीनं यायचे दोघं.
एक ड्रायव्हरमागं, एक शेवटच्या सीटवर.
कोर्टात मात्र बाक एकच.
माग ऐकून ऐकून चोथ्यांचे कान गेले
तेव्हापासून मी पुकारलं
की मुलाणी कोपर मारायचे,
'ऊठ, तुझं नाव आलं.'
मग चोथे उठायचे, टोपी नीट करायचे
आणि मुलाण्यांविरुद्ध हजर व्हायचे.

आज मुलाणी एकटेच आले.
अकराला पहिला पुकारा.
चोथ्यांच्या वकिलांची पुरसिस:
पक्षकाराकडून काही सूचना नाहीत.
साहेब म्हणाले, दुपारी ठेवा.
पावणेतीनला दुसरा.
पाचच्या सुमाराला तिसरा,
तो मी पायरीवर जाऊन दिला, जरा लांबवून.
वळून बघतो तर मुलाण्यांचं कोपर हललं,
बाकाच्या फळीवर आपटलं.

'वादी वारंवार पुकारूनही गैरहजर. प्रतिवादी हजर.
सबब दावा काढून टाकण्यात येतो.
खर्चाबाबत हुकूम नाही.'
एकोणीस वर्षं. स्टेनोला दीड मिनिट लागलं.

मुलाणी जिंकले.
हे त्यांना दोनदा सांगावं लागलं.

मी खिडक्या लावत होतो तेव्हा जवळ आले.
'आखाडात टेंपो आला. माग भंगारात गेले,
तो पोरासंगं गेला.
इचलकरंजीला का भिवंडीला, बोलला नाही.
दाराला कुलूप हाय.
पाणी जातंय अजून आत. रातचं ऐकू येतं मला.'

थोडं थांबून म्हणाले,
'केस परत उभी करायचा अर्ज असतो नव्हं?'
असतो. तीस दिवसांत.
पण तो वादीनं करायचा.
'आणि मी?'
तुम्ही प्रतिवादी. तुम्ही फक्त हजर राहायचं.
'राहिलोय की.'

लेंगऱ्याची गाडी सहाची.
गेटापाशी पोचल्यावर तिथनंच ओरडले,
'पुढची तारीख?'
आणि मीही, सवयीनं,
बोर्डावर बोट फिरवत
एकशे बेचाळीस शोधायला लागलो.